ब्रिटिश टीव्हीवर दुय्यम भूमिका करणारे नट इतकी वर्षं टिकतात कसे?

तुम्ही विचारलंय, की सहसा नायक नसलेले ब्रिटिश नट तीस-चाळीस वर्षं टीव्हीवर दिसत राहतात ते कशाच्या बळावर. फिलिप मॅडॉकची (१९३४–२०१२) कारकीर्द बघा, बरंचसं उत्तर तिथेच आहे.

हा वेल्समधल्या मर्थर टिडफिलचा. कार्डिफ आणि व्हिएन्नात भाषा शिकला, दुभाष्याचं काम केलं, मग लंडनच्या राडा नाट्यशाळेत गेला. खर्जातला आवाज आणि पक्कं जर्मन ही त्याची पुंजी. महायुद्धाच्या गोष्टी टीव्हीवर सतत चालू असल्यामुळे जर्मन अधिकारी त्याच्या वाट्याला वारंवार आले.

पण नुसत्या साच्यावर कुणी टिकत नाही, दिग्दर्शकाला परत बोलवावंसं वाटावं लागतं. दिग्दर्शक डेव्हिड मलोनीने त्याला 'डॉक्टर हू' या बीबीसीच्या विज्ञानकथा-मालिकेतल्या 'द क्रोटन्स' या कथेत (१९६८-६९) घेतलं आणि लगेच १९६९ मध्येच 'द वॉर गेम्स'मध्ये वॉर लॉर्ड या खलनायकाची भूमिका दिली. दहा भागांच्या त्या कथेत तो उत्तरार्धात येतो, आवाज चढवत नाही, तरी सगळे त्याला दबून असतात.

त्याचा सर्वांत गाजलेला प्रसंग 'डॅड्ज आर्मी' या, महायुद्धातल्या हौशी गृहरक्षक तुकडीवरच्या विनोदी मालिकेच्या 'द डेडली अटॅचमेंट' या भागातला (३१ ऑक्टोबर १९७३). कैदेतला जर्मन पाणबुडीचा कप्तान, म्हणजे मॅडॉक, युद्ध जिंकल्यावर हिशेब चुकवायला अपमान करणाऱ्यांची नावं टिपत असतो. तुकडीतल्या पोरसवदा पाइकला तो नाव विचारतो आणि तुकडीप्रमुख मेनवेरिंग ओरडतो, "सांगू नकोस त्याला, पाइक!" हशा मेनवेरिंगच्या वाक्याला मिळतो, पण मॅडॉकने आधी जराही गंमत केली असती तर तो मिळालाच नसता. कप्तान खरोखर धोकादायक वाटतो, म्हणून मेनवेरिंगची गडबड खरी वाटते. दुय्यम नटाचं काम ते हेच, आणि ते नीट झालं की सहसा कुणाच्या लक्षातही येत नाही.

धोका असा, की खलनायकीचा शिक्का बसतो आणि पुढची भूमिका मोठीच असेल याची खात्री नसते. 'डॉक्टर हू'च्याच 'द ब्रेन ऑफ मॉर्बियस'मधला (१९७६) वेडा शास्त्रज्ञ सोलॉन त्याने चार भाग तोलून धरला होता, त्याच मालिकेतल्या 'द पॉवर ऑफ क्रोल'मध्ये (१९७८-७९) मात्र वाट्याला आला किरकोळ फेनर.

शिक्का पुसायला घरची भाषा, घरचा मुलूख कामी आला. १९८१ मध्ये बीबीसीच्या मालिकेत तो मूळचा वेल्श असलेला ब्रिटिश पंतप्रधान लॉइड जॉर्ज झाला. साठीच्या उंबरठ्यावर 'अ माइंड टू किल'मध्ये पोलीस अधिकाऱ्याच्या मुख्य भूमिकेत आला. ती मालिका वेल्श आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत चित्रित व्हायची, म्हणजे तोच प्रसंग दोनदा वठवायचा.

बघायला सुरुवात 'द डेडली अटॅचमेंट'पासून करा. अर्ध्या तासाचा भाग आहे. दुसऱ्यांदा बघताना, इतर बोलत असतील तेव्हा फक्त मॅडॉककडे पाहा.