'आ लूची रोस्से'चं मराठी काय करावं?

प्रश्न असा: इटालियन बातमीतल्या 'चीनेमा आ लूची रोस्से'चं भाषांतर 'रेड लाइट भागातलं थिएटर' असं चालेल का?

नाही. शब्दशः अर्थ 'लाल दिव्यांचं', हे खरं. पण आपल्याकडे 'रेड लाइट' म्हटलं की वस्तीच डोळ्यांपुढे येते. इटलीत हा शब्दप्रयोग पॉर्न दाखवणाऱ्या चित्रपटगृहांमुळे रुळला. त्यांत पहिलं म्हणून मिलानच्या 'मॅजेस्टिक'चं नाव घेतात, साल १९७७. पुढे तो थिएटरपुरता राहिला नाही. 'फिल्म आ लूची रोस्से' म्हणजे पॉर्न फिल्म, 'स्कांदालो आ लूची रोस्से' म्हणजे सेक्स स्कँडल. वस्ती हवी असेल तर आधी 'क्वार्तिएरे' लागतं.

यातला 'आ' म्हणजे '-वाला'. 'बार्का आ वेला' म्हणजे शिडाची होडी, तसाच. म्हणून फिल्म एक असो वा दहा, 'लूची रोस्से' हे अनेकवचन बदलत नाही. 'लूचे रोस्सा' केलंत तर नुसता लाल दिवा उरेल. उच्चारताना जोड 'स्स' नीट दाबा. एकेरी झाला तर 'गुलाब' ऐकू येतील.

खरी गफलत पुढेच आहे. सत्तरच्या दशकातलं जे जे धीट, त्या सगळ्याला हे लेबल लावू नका. अभिनेत्री एडविज फेनेकचे चावट विनोदी सिनेमे 'कोम्मेदिया सेक्सी'त मोडतात. १८ वर्षांखालच्यांना बंदी हा सेन्सॉरचा वर्ग; त्यात भयपटही सापडतात. टीव्हीचंही तेच. १९७६च्या घटनात्मक न्यायालयाच्या निकालाने स्थानिक खासगी वाहिन्यांना वाट मिळाली, आणि १९८७मध्ये 'कोल्पो ग्रोस्सो' हा कपडे उतरवण्याचा गेम शो आला. तो चावट होता, पण 'लूची रोस्से' नव्हे.

इलोना स्टाल्लेर ऊर्फ 'चिच्चोलीना' मात्र खरीच त्या पडद्यावरची. १९८७मध्ये ती रॅडिकल पक्षाकडून संसदेत निवडून गेली. बातमीत तिला 'पोर्नोस्तार' म्हटलं असेल तर मराठीत सरळ 'पॉर्नस्टार' लिहा. सोवळेपणाने नुसतं 'अभिनेत्री' लिहिलं, तर तिच्या निवडीवर एवढा गदारोळ का झाला हे वाचकाला कळणारच नाही.

आणि 'फिल्म हार्ड' दिसलं तर तिथेही अर्थ पॉर्नच. 'कठीण' किंवा 'मारधाडीचा' नव्हे.