नायजेरियाचं मेथडिस्ट चर्च (प्रोटेस्टंट ख्रिस्ती धर्माचा एक पंथ) स्वायत्त आहे म्हणजे काय? तिथे बिशपच सर्वेसर्वा असतात का?

नाही, शेवटचा शब्द कॉन्फरन्सचा, म्हणजे धर्मगुरू आणि सामान्य सभासद यांच्या प्रतिनिधी सभेचा. १९६२ पर्यंत हे चर्च ब्रिटिश कॉन्फरन्सच्या हाताखाली होतं. मग कारभार नायजेरियन लोकांकडे आला.

खरी परीक्षा १९७६ साली झाली. चर्चच्या नव्या घटनेने (संविधानाने) प्रमुखपदी ‘अध्यक्ष’ जाऊन ‘पॅट्रिआर्क’ (मुख्य धर्मपिता) आला. बोलाजी इडोवू पहिले. त्याखाली आर्चबिशप, बिशप. अनेकांना हे पटलं नाही आणि चर्च दुभंगलं: एक गट पॅट्रिआर्कवाला, दुसरा अध्यक्षवाला. १९९० मध्ये समेट झाला. बिशप राहिले, पण प्रमुखाला आता ‘प्रिलेट’ म्हणतात. एका पदनामावरून इतकी वर्षं माणसं वेगळी राहिली, याचं मला फार वाईट वाटतं.