काश्मीरचं खोरं पूर्वी खरंच सरोवर होतं का?

तुम्ही विचारलंय की काश्मीरच्या जुन्या नीलमत पुराणातल्या सतीसर नावाच्या सरोवराच्या कथेला काही भूशास्त्रीय आधार आहे का, आणि फिरायला गेलेल्या माणसाला त्याच्या खुणा बघता येतात का. भूशास्त्र शिकलो तेव्हापासून हा विषय माझ्या जिवाचा आहे आणि काश्मीरला मी त्यासाठीच दोनदा गेलो, तेव्हा उत्तर जरा लांबेल.

सरोवर होतं, याबद्दल भूवैज्ञानिकांत वाद नाही. विमानाने गेलात तर उतरताक्षणी तुम्ही त्याच्या तळाच्या गाळावर उभे असाल, कारण श्रीनगरचा विमानतळ दामोदर करेव्यावर आहे. करेवा म्हणजे खोऱ्यातली सपाट माथ्याची, कडेला एकदम तुटलेली पठारं. काश्मिरीत त्यांना वुडर म्हणतात. खोरं साधारण १३५ किलोमीटर लांब, ४० किलोमीटर रुंद आणि समुद्रसपाटीपासून सुमारे १६०० मीटर उंचीवर. झालं असं की साधारण ४० लाख वर्षांपूर्वी दक्षिणेकडची पीर पंजालची रांग उचलली जाऊ लागली, नद्यांची वाट अडली आणि मागे पाणी तुंबलं. डोंगरांवरून येणारा गाळ त्यात बसत गेला. निळसर करडी चिकणमाती, वाळू, गोटे, मध्येच लिग्नाइटचे पट्टे, अशी ती थरांची चळत एकूण हजार मीटरहून जाड आहे.

एक गैरसमज मात्र काढून टाका. ४० लाख वर्षं एकच अथांग सरोवर शांत पडून होतं, असं नाही. चिकणमाती स्थिर पाण्यात बसते, गोटे वाहत्या नदीशिवाय येत नाहीत, आणि इथे दोन्ही आलटून पालटून सापडतात. पाणी वाढलं, ओसरलं, पुन्हा साचलं. पीर पंजालचं उचलणं चालूच होतं, त्यामुळे त्या बाजूचे जुने थर खोऱ्याकडे कलले आणि पाणी ईशान्येकडे सरकत गेलं. शेवटी झेलमने बारामुल्लाजवळ डोंगर कापला आणि पाण्याला कायमची वाट मिळाली. त्यानंतर वाऱ्याने आणलेली बारीक पिवळसर धूळ करेव्यांच्या माथ्यावर बसली. बदामाच्या बागा आणि पांपोरचं केशर या माथ्यांवरच आहे. केशराच्या कंदाला पाण्याचा निचरा होणारी जमीन लागते आणि ती त्याला इथे मिळते.

मला सगळ्यात आवडणारा पुरावा शिंगाड्याचा आहे. आपल्या उपासाच्या पिठातला शिंगाडा आजही वुलर सरोवरातून काढला जातो. उथळ, संथ पाण्याखेरीज तो वाढत नाही. आणि त्याचे जीवाश्म पीर पंजालच्या उतारांवर, आजच्या कुठल्याही शिंगाड्याच्या तळ्यापेक्षा कितीतरी उंचावर, करेव्याच्या थरांत सापडले. वनस्पतींच्या जीवाश्मांचे थोर अभ्यासक बिरबल साहनी यांनी १९३६ साली यावरून दाखवून दिलं की हे तळं आधी खाली होतं आणि नंतर डोंगरासकट वर गेलं. एका फळाच्या काटेरी कवचावरून डोंगराची हालचाल कळते, याचं मला आजही नवल वाटतं.

आता कथेकडे येऊ. नीलमत पुराणात सतीसरात जलोद्भव नावाचा राक्षस राहतो. पाण्यात असेतो त्याला कुणी मारू शकत नाही. कश्यप ऋषींच्या विनंतीवरून देव येतात, नांगराने डोंगर फोडतात, पाणी वाहून जातं आणि राक्षस मारला जातो. पुष्कळ लोक म्हणतात की ही त्या सरोवराची पिढ्यान् पिढ्या जपलेली आठवण आहे. मला ते पटत नाही, आणि कारण पांपोरजवळच्या गलंदरला आहे.

तिथे २००० साली करेव्याच्या वरच्या थरांत एका प्रचंड हत्तीची कवटी आणि सोबत ८७ दगडी अवजारं मिळाली. २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार हा पॅलिओलॉक्सोडॉन या नामशेष कुळातला प्रौढ नर होता, आणि काळ ३ ते ४ लाख वर्षांपूर्वीचा. त्याच्या कवटीवर सायनसच्या जुनाट आजाराच्या खुणा आहेत. हाडांचे काही कपचे असे निघालेत की ते आतल्या मज्जेसाठी कुणीतरी फोडले असावेत. अवजारांचा बेसॉल्ट त्या जागेचा नाही, बाहेरून आणलेला आहे. म्हणजे सरोवराचे शेवटचे दिवस कुणी पाहिलेच असतील तर ते या लोकांनी. पण तेव्हा आपली मानवजात, होमो सेपियन्स, भारतात पोचलेलीसुद्धा नव्हती. एवढ्या अंतरावरून एका मानवजातीची आठवण दुसऱ्या मानवजातीच्या पुराणात येईल कशी?

खोऱ्यात वस्ती करून राहिलेले जे पहिले लोक आपल्याला नीट माहीत आहेत ते बुर्झहोमचे, सुमारे ५००० वर्षांपूर्वीचे. श्रीनगरच्या ईशान्येला करेव्यावरच ही जागा आहे. नावातला बुर्झ म्हणजे भूर्ज, आणि उत्खननात भूर्जाची जळकी सालही मिळाली, बहुधा छपरांची. १९३५ मध्ये डी टेरा आणि पॅटरसन यांनी इथे पहिली चाचणी घेतली. १९६० ते १९७१ या काळात भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाने टी. एन. खजांची यांच्या हाताखाली सविस्तर खोदकाम केलं. तिथे जमिनीत खणलेले खड्डे निघाले, तोंडाशी अरुंद आणि तळाशी रुंद. सर्वांत मोठा तोंडाशी २.७४ मीटर, तळाशी ४.५७ मीटर आणि ३.९५ मीटर खोल. आतून मातीने लिंपलेले, तोंडाभोवती छपराच्या खांबांची भोकं. थंडीत आत राहत असतील, असं सगळीकडे लिहिलेलं आढळतं. काही अभ्यासकांच्या मते ती धान्याची कोठारं होती. मला स्वतःला सगळे खड्डे एकाच कामाचे होते असं मानायची गरज वाटत नाही. लहान अरुंद खड्डा पेव असू शकतो, आणि चूल सापडलेला मोठा खड्डा घर. जमीन मऊ, कोरडी आणि खणली तरी न ढासळणारी होती म्हणून हे जमलं. कठीण कातळावर हे लोक असं करू शकले नसते.

बुर्झहोमची माणसं एकटी पडलेली नव्हती. भोकं पाडलेले त्यांचे दगडी विळे उत्तर चीनमधल्या विळ्यांशी जुळतात, तर कार्नेलियन आणि अकीकाच्या ९५० मण्यांनी भरलेलं एक मडकं सिंधूच्या बाजूशी नातं सांगतं. हाडांचे गळ, सुया आणि टोचे तर ढिगाने. माणसांशेजारी कुत्री पुरलेली आहेत. एका दगडावर शिकार कोरलेली आहे: दोन शिकारी, एक शिंगवालं मोठं हरीण, एक कुत्रा आणि वर दोन सूर्य. मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतल्या संशोधकांनी दुसरा सूर्य म्हणजे ताऱ्याचा स्फोट असावा, अशी कल्पना मांडली. कल्पना सुरेख आहे, पण तो दगड नंतरच्या बांधकामात बसवलेला मिळाल्यामुळे चित्र नक्की कधीचं हेच ठरत नाही, तेव्हा मी ती जपूनच सांगतो. जवळच्या दाचीगाम राष्ट्रीय उद्यानात हंगुल ही काश्मिरी हरणं अजून आहेत. २०२३ च्या मोजणीत ती २८९ भरली.

मग कथा आली कुठून? माझं मत असं की ती आठवण नसून अनुमान आहे. सपाट खोरं, चारी बाजूंना डोंगर, बाहेर पडायला एकच चिंचोळी खिंड, आणि ती तुंबली की खोरं पाण्याखाली. रोज हे बघणाऱ्या माणसाला 'इथे पाणी होतं आणि कुणीतरी डोंगर फोडला' हे सुचणं साहजिक आहे. काश्मिरींना यंत्रणा कळलेली होती याला पुरावाही आहे. कल्हणाने राजतरंगिणी या काश्मीरच्या राजांच्या इतिहासात नवव्या शतकातल्या अवंतिवर्मा राजाच्या काळची हकिकत दिलीय. सुय्य नावाच्या माणसाने पुराच्या पाण्यात, दरडींनी नदी अडली होती तिथे, नाणी फेकली. उपाशी लोकांनी ती शोधायला दगड उपसले आणि पाणी वाहिलं. पुढे त्याने बंधारे घातले, आणि २०० दीनारांना मिळणारी तांदळाची खारी (धान्याचं एक माप) ३६ वर आली. सोपोर गाव त्याच्याच नावाचं, सुय्यपूर. सप्टेंबर २०१४ चा पूर आठवा, खोऱ्याचं हे दुखणं गेलेलं नाही.

वेळ असेल तर शंकराचार्य टेकडी चढताना पायाखालचा काळपट दगड बघा. तो ज्वालामुखीचा आहे, पंजाल ट्रॅप, जवळजवळ २९ कोटी वर्षांचा. आपला दख्खनचा बेसॉल्ट त्याच्यापुढे पोर आहे, ६.६ कोटींचा. आणि खुनमोहजवळच्या गुरयुल ओढ्यात २५ कोटी वर्षांपूर्वीच्या जीवसृष्टीच्या महाविनाशाचा थर उघडा आहे.

करेव्याचे थर बघायला खास कुठे जावं लागत नाही, पांपोर आणि पुलवामाच्या बाजूला रस्त्याच्या कडेला दिसतात. सकाळचं तिरपं ऊन असेल तर पट्टे ठळक उठतात. मी पाहिलेली सर्वांत सुंदर भिंत मात्र ओढ्याने कापलेली नव्हती. भरावासाठी आणि वीटभट्ट्यांसाठी यंत्राने करेवा उभा कापला होता, आणि करडी माती, वाळू, पुन्हा करडी माती असे थर ताजे, ओलसर दिसत होते. मी मोजायला सुरुवात केली. दुसऱ्या वेळी गेलो तेव्हा तिथे सपाट जागा होती.