फिजिक्सही सुटलं, स्टार्टअपही टिकेना

"वय ३५. फिजिक्समध्ये पीएचडी, त्यानंतर सहा वर्षांत तीन स्टार्टअप. पहिलं बंद पडलं, दुसऱ्याने कपातीत काढलं, तिसऱ्यात दोन महिने पगार रखडला म्हणून मीच सोडलं. आता चौथ्याची ऑफर आहे. बाबा विचारतात, तू नक्की करतोस काय? ते सांगायला बसलो की मलाच नीट सांगता येत नाही."

करिअर समुपदेशनासाठी घणसोलीहून आलेला हा प्रश्न. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत, पण ऐरोलीपासून बेलापूरपर्यंत थोड्याफार फरकाने तो बऱ्याच घरांत आहे. या घरात तो जास्त बोचत होता, कारण वडिलांनी ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या एकाच कारखान्यात ३३ वर्षं काढली होती. त्यांच्या हिशेबात नोकरी बदलणं म्हणजे काहीतरी बिनसणं. आणि मुलगा खाडीपलीकडे बीएआरसीत शास्त्रज्ञ होईल, असं त्यांनी सोसायटीत सांगूनही ठेवलं होतं.

अशा वेळी थोरामोठ्यांची नावं ऐकवायचा मोह होतो. वेब मांडणारे टिम बर्नर्स-ली फिजिक्सचेच पदवीधर, आणि १९८९मध्ये तो प्रस्ताव त्यांनी दिला तोही सर्न या भौतिकशास्त्राच्या प्रयोगशाळेत. खरं आहे, पण घणसोलीत भाडं भरणाऱ्याला त्याचा उपयोग शून्य. त्यापेक्षा त्याचा बायोडेटा टेबलावर मांडणं बरं.

बायोडेटा दोन पानांचा होता. पहिलं पाऊण पान पीएचडीचं: चुंबकीय पदार्थ, मॉन्टे कार्लो सिम्युलेशन, चार शोधनिबंध. सहा वर्षांची नोकरी उरलेल्या जागेत, आणि तिन्ही ठिकाणी जवळजवळ एकच वाक्य: "बॅकएंड सेवांची जबाबदारी सांभाळली." बॅकएंड म्हणजे अ‍ॅपमागे चालणारं, वापरणाऱ्याला न दिसणारं काम; हे वाक्य कोणाच्याही बायोडेटात खपून जाईल. म्हणून पहिल्या कंपनीतला सगळ्यात वाईट दिवस कोणता, असं विचारलं. मग गडी बोलायला लागला.

ती कंपनी वाशीच्या एपीएमसीतून भाजी उचलून घरोघरी पोचवायची. एप्रिल २०२०, लॉकडाऊन. सकाळी सातला नोंदणी उघडली की दहा मिनिटांत अ‍ॅप गार. सगळे म्हणत होते, मोठा सर्व्हर घ्या. याने कागदावर एक गुणाकार केला. सेकंदाला १२० विनंत्या येतात, प्रत्येक विनंती डेटाबेसचं कनेक्शन पाव सेकंद धरून ठेवते, म्हणजे कुठल्याही क्षणी ३० कनेक्शन लागणार. पूलमध्ये, म्हणजे आधीच उघडून ठेवलेल्या कनेक्शनच्या साठ्यात, होती २०. रांग वाढतच जाणार, सर्व्हर कितीही मोठा आणा. मग पाव सेकंद नेमका कशात जातो ते शोधलं, तर ऑर्डर नोंदल्यावर ग्राहकाला एसएमएस जायचा आणि तो पाठवणाऱ्या बाहेरच्या सेवेचं, गेटवेचं, उत्तर येईपर्यंत कनेक्शन अडकून पडायचं. एसएमएस वेगळ्या रांगेत टाकला, धरून ठेवण्याचा वेळ ०.०५ सेकंदावर आला, गरज उरली सहा कनेक्शनची. दीड दिवसाचं काम, नवा सर्व्हर नाही.

"हे बायोडेटात का नाही?"

"त्यात काय लिहायचं? साधा गुणाकार आहे."

फिजिक्सहून आलेल्यांची मोठी गोची इथे आहे. ज्याचा पेपर होत नाही ते त्यांना काम वाटतच नाही. वर्षानुवर्षं 'यात नवीन काय?' याच प्रश्नाची सवय लागलेली असते. कंपनी पगार देते ती बंद पडलेलं चालू केल्याचा, नावीन्याचा वेगळा भाव नाही. दुसऱ्या कंपनीत, शिकवणीच्या अ‍ॅपवर, असंच झालं. बटणाचा रंग बदलल्यावर आठवड्याच्या नोंदण्या १०० वरून ११२ झाल्या आणि मार्केटिंगवाले पेढे वाटायला निघाले. याने सांगितलं, शंभराच्या मोजणीत दहाचा चढउतार नुसत्या योगायोगाने होतो, आणि दोन मोजण्यांच्या फरकात तर साधारण १५चा. तेव्हा १२ची वाढ ही वाढ धरता येत नाही. नोंदणीचं प्रमाण ५ टक्क्यांवरून ५.५ झालं हे छातीठोकपणे सांगायचं तर जुनं बटण बघणारे आणि नवं बघणारे अशा प्रत्येक गटात ३० हजारांच्या आसपास माणसं लागतात. हिशेब बरोबर. पण सांगितलं भर मीटिंगमध्ये, फळ्यावर सूत्र लिहून, आणि पुढे काय करायचं ते न सांगता. 'हा प्रत्येक गोष्टीत खोडा घालतो' अशी ख्याती झाली. 'चार आठवडे चालू ठेवू, तोवर दुसरं बटण तयार करतो' एवढं जोडलं असतं तर तोच माणूस उपयोगी ठरला असता.

फिजिक्स नडलं कुठे, तेही बघावंच लागतं. नाहीतर समुपदेशन म्हणजे नुसती पाठ थोपटणं. तिसरी कंपनी दुकानदारांच्या पेमेंटची. तिथे याने रकमा दशांश अपूर्णांकात ठेवल्या, सिम्युलेशनमध्ये ठेवायचा तशाच. संगणक अपूर्णांक द्विमान पद्धतीत साठवतो, त्यामुळे ०.१ अधिक ०.२ केलं की त्याच्याकडे ०.३०००००००००००००००४ येतं. प्रयोगशाळेत अशा चुकीकडे कोणी ढुंकून बघत नाही, ती मोजमापाच्या चुकीत बुडून जाते. इथे रोज हजारो व्यवहारांची टक्केवारी काढून बेरीज व्हायची आणि संध्याकाळी खात्यात काही पैशांचा फरक यायचा. सीएला एक पैसा जुळत नसेल तर पूर्ण ताळेबंद जुळत नाही. उपाय जुनाच: रक्कम पैशांत, पूर्णांकात ठेवायची आणि पूर्णांक करायचा नियम एकाच जागी लिहायचा. पण तोवर तीन आठवडे गेले, कारण हा एकटाच कोड उकरत बसला, कोणाला विचारलं नाही. पीएचडीत एक माणूस, एक प्रश्न, चार वर्षं. स्टार्टअपमध्ये दोन दिवस अडलं की हाक मारायची असते. कोड रिव्ह्यूमध्ये, म्हणजे सहकारी कोड तपासतात तेव्हा, कोणी 'हे नाव बदला' म्हटलं की याला व्हायव्हा चालू असल्यासारखं वाटायचं.

बायोडेटा मग नव्याने लिहिला गेला. पीएचडी दोन ओळींत, तळाला. प्रत्येक कंपनीखाली दोनच प्रसंग: काय बिघडलं होतं, आकडा किती होता, काय केलं, नंतर आकडा किती झाला. १९ महिने, २२ महिने, २६ महिने हे लपवायचं नाही. प्रत्येकापुढे चार शब्दांत कारण: कंपनी बंद, कपात, पगार थकला. २०२२-२३मध्ये शिकवणीच्या अ‍ॅपवाल्या कंपन्यांत किती कपाती झाल्या हे मुलाखत घेणाऱ्यालाही माहीत असतं. कारण लिहिलेलं असलं की तो विषय एका वाक्यात संपतो. नसलं की तोच मुलाखतभर पुरतो.

दुसऱ्या बैठकीला बायको आली, आणि खरं दुखणं तेव्हा बाहेर आलं. ती कोपरखैरण्याला एका शाळेत शिकवते.

"स्टार्टअप बंद पडलं म्हणून मी कधी बोलले का? पण सात लाखांचे शेअर आहेत असं तू सांगितलंस. त्याच्या भरवशावर मी उलव्यातल्या फ्लॅटचं टोकन द्यायला निघाले होते."

"होते ना शेअर. कागद आहे."

"मग गेले कुठे?"

कागद बघितला. शिकवणीच्या कंपनीने २,४०० ऑप्शन दिले होते. शेअरचं मूल्यांकन ३१० रुपये, म्हणून घरात 'सात लाख'. पण ऑप्शन म्हणजे शेअर नव्हे, ठरलेल्या भावाने शेअर विकत घ्यायचा हक्क. तो हक्क चार वर्षांत हप्त्याहप्त्याने मिळतो आणि पहिलं वर्ष पूर्ण होईपर्यंत काहीच मिळत नाही. २२ महिन्यांत ४८ पैकी २२ हिस्से, म्हणजे १,१०० ऑप्शन. ते घ्यायला १० रुपयांप्रमाणे ११,००० रुपये लागले असते. इथवर ठीक. पण घेतल्या क्षणी ३१० आणि १० यांतला फरक, म्हणजे ३,३०,००० रुपये, पगाराचं उत्पन्न धरलं जातं. ३० टक्के आणि त्यावर ४ टक्के उपकर, मिळून १,०२,९६० रुपये कर. आणि हे शेअर बाजारात विकता येत नाहीत. कंपनी कोणी विकत घेईल किंवा शेअर बाजारात येईल, बहुतेक तेव्हाच पैसे. शिवाय पत्रात अट होती की नोकरी सुटल्यापासून ९० दिवसांत निर्णय घ्यायचा. याने काहीच केलं नाही, मुदत टळली. पुढे त्या कंपनीची जी अवस्था झाली ती पाहता टळली हे बरंच झालं.

तो हे सगळं ऐकून म्हणाला, "मी पत्र वाचलंच नव्हतं. सही केली." ज्याने चार वर्षं दुसऱ्यांच्या शोधनिबंधातल्या तळटिपांपर्यंत वाचलं, त्याने आपलं ऑफर लेटर वाचलं नाही. हे हसण्यावारी नेण्यासारखं नाही. पैशाचं बोलणं हलकं, हा संस्कार विद्यापीठात फार खोल मुरतो.

मग चौथी ऑफर उघडली. आकडा २८ लाख, तिसऱ्या कंपनीत २२ लाख होते. घरात आनंदीआनंद. पण त्या २८ मधले ६ लाख इसॉप, म्हणजे तसेच ऑप्शन, आणि २ लाख व्हेरिएबल, म्हणजे मिळतीलच असं नाही. पक्के २० लाख. जुने २२ सगळेच्या सगळे पक्के होते. बढती समजून तो दोन लाखांनी खाली उतरत होता, आणि या २०तच मालकाचा पीएफचा वाटा आणि ग्रॅच्युइटीही धरलेली.

संस्थापकाला विचारायचे प्रश्न त्याने तिथेच बसून लिहिले. बँकेत किती आहेत, महिन्याला किती जातात, किती येतात? उदाहरणार्थ ३ कोटी असतील, ४० लाख जात असतील आणि १० लाख येत असतील, तर दर महिन्याला निव्वळ ३० लाख कमी होतात आणि रनवे, म्हणजे पैसे पुरण्याची मुदत, १० महिन्यांची. त्यातले शेवटचे तीन धरू नयेत, त्या काळात पगार पुढेमागे व्हायला लागतात. पुढचे प्रश्न: ऑप्शन किती, आणि कंपनीचे एकूण शेअर, सगळे ऑप्शन धरून, किती? नुसत्या '२,४००'ला अर्थ नाही; एकूण एक लाख असतील तर ती वेगळी गोष्ट, एक कोटी असतील तर वेगळी. नोकरी सोडल्यावर मुदत किती दिवसांची? रात्री सर्व्हर पडला तर फोन कोणाला येतो, आणि त्या यादीत किती जण आहेत? याचं उत्तर 'दोन' आलं तर घरच्यांनी आधीच समजून घ्यावं.

घरची तयारी वेगळी. महिन्याचा खर्च ६८ हजार निघाला, तेव्हा सहा महिन्यांचे ४,०८,००० रुपये बाजूला, मुदत ठेवीत, दोघांच्या नावावर. स्वतःचा मेडिक्लेम आधीच, कारण कंपनीची ग्रुप पॉलिसी शेवटच्या दिवशी संपते आणि नव्या पॉलिसीत जुन्या आजारांना थांबावं लागतं. तिसऱ्या नोकरीचा पीएफ तपासायलाही सांगितलं होतं. त्याने यूएएनचं, म्हणजे पीएफच्या कायमच्या क्रमांकाचं, पासबुक उघडलं तर पगार थकायच्या आधीचे चार महिने पीएफ भरलेलाच नव्हता. पगारातून कापला मात्र होता. त्याची तक्रार ईपीएफओच्या, म्हणजे पीएफ संघटनेच्या, पोर्टलवर करता येते, ती त्याने केली. टीडीएस, म्हणजे पगारातून कापलेला कर, जमा झालाय का हे आयकर खात्याच्या पोर्टलवर दिसतं. तो नशिबाने भरलेला होता.

वडिलांसाठी उत्तर तयार करायचा प्रयत्न दोनदा फसला. 'बॅकएंड', 'स्केल' हे शब्द त्यांच्यापाशी चालणार नव्हते. शेवटी भाजीच्या ऑर्डरची रांग त्यांना सांगितली: एका खिडकीशी माणूस उगाच थांबून राहिला की मागे कशी गर्दी होते. कारखान्यात पाळी बदलताना गेटवर काय व्हायचं ते त्यांना पाठ होतं. "म्हणजे तू मेंटेनन्सला आहेस," ते म्हणाले. त्याला आधी राग आला. पण तेहेतीस वर्षं कारखाना पाहिलेल्या माणसाच्या तोंडी मेंटेनन्स हा हलका शब्द नाही.

संस्थापकाने बाकीची उत्तरं दिली, बँकेतल्या आकड्याबद्दल "फंडिंग येतंच आहे, काळजी नको" एवढंच. दुसऱ्यांदा विचारल्यावर फोन येणं थांबलं. बायको म्हणाली, "हेच उत्तर." पुढचे सात आठवडे जड गेले, बाजूला काढलेल्या पैशांतले लाखभर संपले. मग ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या, मालवाहतुकीचं सॉफ्टवेअर करणाऱ्या साठेक जणांच्या कंपनीत तो लागला. स्टार्टअपच, पण आठ वर्षं टिकलेलं. पक्के २३ लाख, इसॉप नावाला. मुलाखतीतला निम्मा वेळ एसएमएस गेटवेच्या प्रसंगावर गेला, पीएचडीचा विषय निघाला तो शेवटी चहा पिताना.

मागच्या महिन्याचा पीएफ मालकाने १५ तारखेपर्यंत भरायचा असतो. घणसोलीच्या घरात आता पासबुक बघायचं काम बायकोकडे आहे. वडीलही तारीख लक्षात ठेवून फोन करतात: "भरला का रे?"