तुघलकाच्या आधी कोणा राजाचा चलनाचा प्रयोग इतका सपशेल फसला होता का?

हो, पस्तीसेक वर्षं आधी, तेही इराणात. राजाचं नाव गैखातू. चंगीझ खानाचा खापरपणतू, इराणात मंगोल राज्य उभारणाऱ्या हुलागूचा नातू. तुघलकाने निदान तांब्या-पितळेची नाणी पाडली. या पठ्ठ्याने थेट कागद काढला.

गैखातू आधी अनातोलियाचा (आजच्या तुर्कस्तानचा) सुभेदार होता. 1291 मध्ये त्याचा सावत्र भाऊ, इराणचा राजा अर्घून वारला. (त्या मरणाचा धागा आपल्याकडे येतो: हिंदुस्थानातल्या एका योग्याने आयुष्य वाढावं म्हणून दिलेलं गंधक-पाऱ्याचं औषध अर्घूनने कित्येक महिने घेतलं होतं, असं त्या काळचा इराणी इतिहासकार रशीदुद्दीन लिहितो.) त्याच्या जागी आलेला गैखातू मुंडकी उडवण्याच्या भानगडीत फारसा पडला नाही. दारू, ऐषआराम आणि सढळ हाताने दानधर्म, एवढंच. त्यात गुराढोरांवर रोगराई आली, आणि तिजोरीत नुसता खडखडाट.

वजीर सद्रुद्दीन झंजानी याने तोड काढली: चीनमध्ये कुबलाई खानाच्या नोटा चालतात, मग इथे का नाही? कुबलाईचा वकील बोलाद दरबारात होताच, त्याच्याकडून माहिती घेतली. 1294 च्या शरदात तब्रीझमध्ये नोटा आल्या. नाव चिनीच, 'चाओ', फारसीत 'चाव'. वर चिनी अक्षरं, कलमा, आणि गैखातूला मिळालेलं बौद्ध नाव. अर्ध्या दिरहमपासून दहा दिनारांपर्यंतच्या नोटा. घेणार नाही त्याला देहदंड!

व्यापाऱ्यांनी काय करावं? दुकानं बंद केली. गावात भाकरी मिळेना, लोक शहर सोडून जाऊ लागले, दंगे झाले. दोनेक महिन्यांत हुकूम मागे घ्यावा लागला.

माझ्या मते कागदाचा यात दोष नव्हता. कुबलाईने 1260 मध्ये नोटा काढल्या तेव्हा त्यांच्यामागे चांदी ठेवली होती, आणि सरकार त्याच नोटांत कर घेत होतं. शिवाय चिनी माणसाला कागदी पैसा पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होता. तब्रीझच्या वाण्याला मात्र स्पष्ट दिसत होतं की राजाकडे चांदी उरली नाही, म्हणूनच हा कागद आलाय. तुघलकाशी फरक इथेच पडतो. त्याची नाणी घरोघरी खोटी पाडली गेली, तरी त्याने ती परत घेऊन सोनं-चांदी मोजली, कारण त्याच्याकडे ती होती. (त्यातली काही नाणी आपल्या दौलताबादच्या टांकसाळीतलीच.) गैखातूकडे द्यायला काय होतं?

पुढच्याच वर्षी, 1295 मध्ये, चुलतभाऊ बायदूच्या बंडात सरदारांनी त्याला धनुष्याच्या दोरीने गळा आवळून मारलं. बायदूही काही महिन्यांतच गेला, आणि अर्घूनचा मुलगा गाझान गादीवर आला. 1298 मध्ये त्याने सद्रुद्दीनलाही संपवलं.

गादीवर येण्याआधी गाझान ईशान्येकडच्या खुरासानचा कारभार पाहत होता तेव्हा या नोटांचं सामान त्याच्याकडेही पोचलं होतं. इकडच्या दमट हवेत लोखंड आणि हत्यारंसुद्धा टिकत नाहीत, कागद काय टिकणार, असं म्हणत त्याने ते सगळं जाळून टाकलं.