तिसऱ्या ड्रॉपआधी आईचे कान तपासा

नागपूरच्या मानेवाड्यातून एका वडिलांचं पत्र आलं आहे. मुलगी 19 वर्षांची. बारावीनंतर दोन ड्रॉप, म्हणजे फक्त तयारीसाठी एकेक वर्ष, घेऊन नीट दोनदा दिली, एमबीबीएसपुरते गुण आले नाहीत. तिला जेनेटिक्स (आनुवंशिकतेचं शास्त्र) शिकायचं आहे, वडिलांना ती डॉक्टरच व्हायला हवी. आईला पस्तिशीपासून कमी ऐकू येतं, तोल जातो, रात्री लाइट गेली की भिंत धरून चालते. औषध पित्ताचं आणि अशक्तपणाचं चालू आहे. आईच्या आईचंही असंच होतं. ‘मुलगा ठणठणीत आहे, म्हणजे हे मुलीतच उतरणार. डॉक्टर झाली तर आईचं आणि स्वतःचं बघेल. सोयरिकीत अडचण नको म्हणून बाहेर कुणाला बोललो नाही. तिसरा ड्रॉप घ्यावा का?’

नमस्कार,

नको. पण तुमच्या पत्रात मला ड्रॉपपेक्षा ती भिंत जास्त खुपली. अंधारात भिंत धरावी लागणं म्हणजे पित्त नव्हे. तोल सांभाळताना मेंदू डोळ्यांवर, पायांवर आणि आतल्या कानावर विसंबून असतो. त्या कानातल्या तीन अर्धवर्तुळाकार नलिका आणि दोन लहान पिशव्या डोकं कुठे वळलं, कुठे कललं ते कळवतात. त्या निकामी झाल्या तर दिवसा डोळे निभावून नेतात, लाइट गेली की तोही आधार जातो. ऐकण्याचा शंखही तिथेच जोडलेला असतो. म्हणून ऐकणं आणि तोल दोन्ही जात असतील, तर नागपूरच्या मेडिकल, मेयो या सरकारी रुग्णालयांत किंवा मिहानच्या एम्समध्ये ईएनटीला, म्हणजे कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना, दाखवायलाच हवं. इतकी वर्षं का थांबलात?

आता ‘मुलाला नाही, म्हणजे मुलीला’ हा हिशेब. तो साफ चुकीचा आहे. उदाहरणार्थ, सीओसीएच नावाच्या जनुकातल्या बिघाडाने मोठेपणी ऐकणं आणि तोल दोन्ही हळूहळू जातात. आईवडिलांपैकी एकाला तो असेल, तर प्रत्येक मुलाला मिळण्याची शक्यता 50 टक्के असते, मुलगा असो की मुलगी. दर वेळी नाणं नव्याने उडतं. भाऊ सुटला म्हणून बहिणीच्या वाट्याला जास्त येत नाही. शिवाय हा आजार चाळिशीच्या आसपासही सुरू होतो, तेव्हा तुमचा तरुण मुलगा आज ठणठणीत आहे यावरून काहीच ठरत नाही. आणि चक्कर म्हटली की आनुवंशिक, असंही नाही. कानातले कॅल्शियमचे कण जागचे हलल्याने येणारी चक्कर तर सर्रास आढळते. तुमच्या घरी नेमकं काय आहे, ते आधी आईच्या तपासण्यांतून कळेल. मुलीने स्वतःची जनुकचाचणी करायची की नाही, हे ती सज्ञान असल्यामुळे तीच ठरवेल.

स्पष्टच लिहितो. घरचा आजार सांभाळायला मुलीला डॉक्टर करायचं आणि तोच आजार सोयरिकीसाठी लपवायचा, हे दोन्ही ओझं तुम्ही तिच्याच डोक्यावर ठेवलंय. तिला जेनेटिक्स का आवडतं, हे कधी विचारलंत? आईला भिंत धरताना बघतच ती मोठी झाली आहे.

बीएस्सी करून जेनेटिक्समध्ये एमएस्सी, पुढे संशोधन किंवा जेनेटिक काउन्सेलिंग (आनुवंशिक आजारांबाबत कुटुंबांना सल्ला देणं), ही तिची वाट. पेशंटमध्ये काम करायचं असेल तर बीएएसएलपी, म्हणजे ऐकण्या-बोलण्याच्या दोषांची तपासणी आणि उपचार शिकवणारी ऑडिऑलॉजी-स्पीच थेरपीची पदवी. महाराष्ट्रात या पदवीचे प्रवेश नीटवर होतात, त्यामुळे दोन वर्षं वाया गेली असं म्हणू नका. ऑडिऑलॉजिस्ट ऐकण्याबरोबर तोलाच्याही चाचण्या करतो.

क्लासचा हप्ता भरू नका. या आठवड्यात ईएनटीचा केसपेपर काढा आणि मुलीलाही सोबत न्या. डॉक्टरांना विचारायचं तिच्याकडे तुमच्यापेक्षा जास्त असेल.