ओकंबोकं

मिरजेकडच्या एका वाचकाचा प्रश्न आहे. रस्ता रुंद करताना गावच्या वाटेवरचे वड तोडले, तेव्हापासून त्या वाटेनं जाताना त्यांचा जीव कासावीस होतो. लेक म्हणाली, याला 'सोलास्टॅल्जिया' म्हणतात. मराठीत शब्द आहे का?

आहे, आणि तो तुमच्या घरातही बोलला गेला असणार: ओकंबोकं वाटणं.

आधी लेकीचा शब्द. तो ऑस्ट्रेलियातले तत्त्वचिंतक ग्लेन अल्ब्रेक्ट यांनी २००३च्या सुमारास घडवला. लॅटिनमधला दिलासा आणि ग्रीकमधली वेदना त्यात जोडलेली आहे. न्यू साउथ वेल्समधल्या हंटर खोऱ्यात उघड्या कोळसाखाणींनी मुलूख पोखरला. माणसं आपापल्या घरातच होती, पण घर हरवल्यासारखी झाली; त्या वेदनेला हे नाव. वैद्यकाचा विद्यार्थी योहानेस होफर यानं १६८८मध्ये घडवलेला 'नॉस्टॅल्जिया' हा घरापासून लांब पडलेल्यांचा आजार. आपली 'ओढ'सुद्धा तिकडचीच. कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयात ज्यांचं गाव गेलं आणि दुसरीकडं वसावं लागलं, त्यांचं दुःख त्या जातीचं. तुमचं वेगळं आहे.

झाडं गेलेल्या डोंगराला आपण बोडका, भुंडा म्हणतो. बांगड्या नसलेले हातही भुंडेच, आणि केशवपन केलेली विधवा बोडकी. हे शब्द बाईवर लादलेल्या क्रौर्यातही वापरले गेले, म्हणून लिहिताना मी अडखळतो. पण उजाड जमीन आणि शोकातलं शरीर यांना मराठी एकाच नजरेनं बघते, हेही खरं.

त्यातला 'ओकंबोकं' मला सगळ्यांत मोलाचा वाटतो. डोंगर भुंडा असतो, पण 'मला भुंडं वाटतं' असं कुणी म्हणत नाही. ओकाबोका मात्र दागिना उतरवलेला गळाही असतो, रस्ताही असतो, आणि मलाही तसं वाटतं. आमच्या विहिरीवरची चिंच पडली तेव्हा आज्जी आठवडाभर परसात गेली नाही. "जाऊच वाटंना बघ, कसं ओकंबोकं दिसतंय," एवढंच म्हणायची. 'स्थलव्यथा' असा शब्द पाडता येईल, पण तो आज्जीला समजावून सांगावा लागला असता.

एक मर्यादा आहे. ओकंबोकं हे काहीतरी गेल्यावरचं. साताऱ्याकडच्या चाळकेवाडीच्या पठारावर पवनचक्क्या उभ्या राहिल्या, तिथं काही वाढलंय. ज्याच्या डोळ्यांत मोकळं पठार आहे, त्यानं तिथं 'परकं वाटतं' म्हणावं.

तुमचं वाक्य मात्र सरळ आहे: वड गेल्यापासून वाटेनं जाताना ओकंबोकं वाटतं.